कट म्हटल्यानंतर

माहितीपटाच्या युनिटमध्ये सगळ्यात कमी दिसणारा आणि सगळ्यात जास्त ऐकणारा माणूस म्हणजे साउंडवाला. 'कट' म्हटलं की कॅमेरा थांबतो, लाइट बंद होतात, चहा येतो. पदराला लावलेला लेपल माइक मात्र कुणी काढेपर्यंत चालूच असतो आणि मुलाखत देणाऱ्या बाईंना त्याची आठवणही राहत नाही. त्यामुळे कोपऱ्यात हेडफोन लावून उभं राहिल्यावर बरंच काही कानावर पडतं. ते बाहेर बोलायचं नाही, हा आमच्या धंद्यातला नियम. इथे जे सांगणार आहे त्याला दिग्दर्शिकेची परवानगी आहे आणि ज्यांचं बोलणं आहे त्यांचीही.

फिल्म एका तरुण मुलीची आहे. तिचं नाव मुद्दाम लिहीत नाही, फिल्म आली की पडद्यावर दिसेलच. याआधी स्वतःच्या दोन छोट्या फिल्म आणि दुसऱ्यांकडे केलेली भरपूर असिस्टंटगिरी, एवढी तिची शिदोरी. विषय निवडला तो मात्र दांडगा: मराठी सिनेमाच्या पहिल्या चाळीसेक वर्षांतल्या बायका. दादासाहेब फाळके, 3 मे 1913, गिरगावचं कोरोनेशन थिएटर, 'राजा हरिश्चंद्र' हे सगळं लोकांना पाठ आहे, म्हणून ते तिला सांगायचंच नव्हतं. तिला हव्या होत्या सरस्वतीबाई फाळके, दुर्गाबाई कामत, त्यांची लेक कमलाबाई, 'कालिया मर्दन'मधली चिमुरडी मंदाकिनी फाळके, शांता आपटे. आणि कोल्हापूरच्या एक आजी, ज्या सिनेमाच्या कुठल्याच इतिहासात सापडणार नाहीत.

पहिली ठेच पिचिंगलाच लागली. पैसे देऊ शकतील अशा मंडळींसमोर उभं राहून थोडक्यात फिल्म समजावून सांगायची, असा तो प्रकार. ट्रेलरचा आवाज सांभाळायला मी मागे बसलो होतो. पॅनलवरचे एक ज्येष्ठ म्हणाले, "सुरुवात फाळक्यांपासूनच करा. बायका हळूहळू येऊ देत." पोरगी शांतपणे म्हणाली, "सर, कच्च्या फिल्मला कडेने भोकं पाडल्याशिवाय फाळक्यांचा कॅमेरा चालत नव्हता. ती भोकं रात्री अंधारात कोण पाडत होतं, तिथून सुरुवात करते." सभागृहात हशा पिकला. पैसे काही मिळाले नाहीत. पण चहाच्या वेळी पॅनलवरचे सगळ्यात कमी बोललेले गृहस्थ तिच्याजवळ आले आणि जुनी यंत्रं जमवणाऱ्या एका माणसाचा फोन नंबर तिच्या हातात ठेवून गेले. फिल्मचा पहिला प्रसंग असा उभा राहिला.

सरस्वतीबाईंबद्दल आपण एक वाक्य ऐकत आलो आहोत: त्यांनी पतीला मोलाची साथ दिली. या वाक्यात काय काय गाडलं गेलंय ते बघा. फाळक्यांना पहिला सिनेमा काढायला पैसे हवे होते, तेव्हा बाईंचे दागिने गहाण पडले. कॅमेरा आला, त्याच्याबरोबर कच्ची फिल्म आली आणि ती होती कोरी, बिनभोकांची. दादरच्या घरात रात्री दिवे मालवून पर्फोरेटरवर तिला भोकं पाडायची, ती रसायनात धुवायची, चित्रण असेल तेव्हा उन्हात चादरी धरून उभं राहायचं आणि या सगळ्याच्या जोडीला कंपनीतल्या माणसांचा स्वयंपाक. तारामतीच्या भूमिकेसाठी फाळक्यांनी आधी त्यांनाच विचारलं होतं असं सांगतात आणि त्या नाही म्हणाल्या, कारण मग बाकीचं कोण करणार? तारामती अखेर झाली ती उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांची. हा किस्सा आपण हसून सांगतो. सरस्वतीबाईंच्या बाजूने तो सांगून बघा, हसू कमी होतं.

आता हे पडद्यावर दाखवायचं कसं? कॅमेरामनची कल्पना तयार होती: नऊवारीतली एक नटी, पाठीमागून प्रकाश, थोडा धूर. दिग्दर्शिका म्हणाली, "चेहरा नको. सरस्वतीबाई अंधारात काम करत होत्या, आपणही अंधारच दाखवू. फक्त आवाज." तिथून सगळा भार माझ्यावर आला. संग्राहकांकडचं हाताने चालवायचं यंत्र अर्ध्या फुटातच अडकायचं. शेवटी शेजारच्या गल्लीतल्या शिलाई मशीन दुरुस्त करणाऱ्या कारागिराने त्याला वठणीवर आणलं. मग नवी अडचण. जुन्या वाड्यातलं वायरिंग आणि खालच्या मजल्यावरची मोटर यांची अशी काही घरघर ट्रॅकवर येत होती की टेकमागून टेक फुकट जात होते. आणि अचानक अख्ख्या पेठेची वीज गेली. पंखे, मोटर, फ्रिज, सगळं गप्प. माझा रेकॉर्डर बॅटरीवर होता. ती अंधारातच यंत्राशी बसली आणि हँडल फिरवू लागली. खट्, सर्र, खट्, सर्र. फिल्ममध्ये आहे तो तोच ट्रॅक आणि त्याच्यावर स्पष्ट पाटी आहे की हे यंत्र फाळक्यांचं नाही. पाटीवरून कॅमेरामनशी तिचं कडाक्याचं भांडण झालं. पाटी राहिली.

दुर्गाबाई आणि कमलाबाईंच्या वेळी प्रसंग वेगळाच उभा राहिला. 'राजा हरिश्चंद्र'नंतर फाळके नाशिकला गेले आणि तिथे 'मोहिनी भस्मासुर' काढला. दुर्गाबाई त्यात पार्वती झाल्या आणि तेरा-चौदा वर्षांची कमला मोहिनी. नवऱ्यापासून वेगळं होऊन लेकीला घेऊन नाटक कंपनीत शिरलेली बाई आणि तिची अजून पुरती मोठी न झालेली मुलगी. भारतीय पडद्यावर बाईच्या भूमिकेत बाई आली ती या दोघींच्या रूपाने. मग पहिली अभिनेत्री कोण, आई की लेक?

या एका प्रश्नावर आमच्याकडे दोन अभ्यासक होते आणि दोघांचं एकमेकांशी बोलणं बंद होतं. एक म्हणायचे, वयाने आणि रंगभूमीवरच्या अनुभवाने दुर्गाबाईच. दुसरे म्हणायचे, नायिका ती अभिनेत्री, म्हणून कमलाबाईच. दोघांच्या मुलाखती वेगवेगळ्या दिवशी ठेवाव्या लागल्या. शूटिंगची जागाही वेगळी हवी, असा एकांचा निरोप होता. दोघंही जीव तोडून बोलले आणि खरंच चांगलं बोलले. पहिल्यांच्या मुलाखतीनंतर माइक काढायला गेलो, तर त्यांनी माझा हात धरून हळूच विचारलं, "ते काय म्हणाले हो?" पुढे दुसऱ्यांचा माइक काढताना त्यांनीही नेमकं तेच विचारलं. दिग्दर्शिकेला हे सांगितलं तेव्हा ती हसली नाही. म्हणाली, "दोघांनाही त्या मायलेकींची खरी काळजी आहे, दादा. इतकी वर्षं दुसरं कुणी भांडलंय का त्यांच्यासाठी?" संकलनात तिने दोघांची वाक्यं अशी गुंफली की एक जण सुरू करतो आणि दुसरा पुरं करतो. रफ कट बघायला मात्र दोघांना एकाच वेळी बोलावलं, वेगवेगळं नाही. दिवे लागले तेव्हा दोघं शेजारी बसून नाशिकच्या शूटिंगबद्दल बोलत होते. पहिली कोण, हा वाद मिटलेला नव्हता. तो आता समोरासमोर सुरू झाला होता.

कमलाबाईंच्या बाबतीत ती एका ठिकाणी थांबली आणि ते मला फार आवडलं. रीना मोहन यांनी नव्वदीच्या दशकाच्या सुरुवातीला कमलाबाईंवर फिल्म केली होती. त्यांची ती पहिलीच फिल्म, तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्या वेळी कमलाबाई पुण्यात होत्या, नव्वदीच्या घरात आलेल्या, आणि कॅमेऱ्यासमोर बसल्या की सूत्रं स्वतःच्याच हातात घ्यायच्या. मूकपटापासून स्त्रियांच्या नाटक कंपनीत पुरुषांच्या भूमिका करण्यापर्यंत सगळं आयुष्य त्या बाईच्या अंगात भिनलेलं होतं. आमच्या दिग्दर्शिकेने ती फिल्म पुन्हा पुन्हा पाहिली आणि कमलाबाईंच्या म्हातारपणाचा भाग आपल्या संहितेतून उडवला. "जिवंत कमलाबाई तिथे आहेत. मी त्यांच्याबद्दल चार लोकांना बोलायला लावून काय मिळवणार?" उमेदीच्या काळात आपलंच पान असं फाडायला धैर्य लागतं. अनेक नावाजलेल्यांना ते जमत नाही, हे मी जवळून पाहिलंय.

मंदाकिनीचा भाग सगळ्यात सोपा जाईल असं वाटलं होतं. 'कालिया मर्दन' 1919 चा आणि त्याचा बराचसा भाग आज पाहायला मिळतो. सुरुवातीलाच फाळक्यांची सहा-सात वर्षांची लेक कॅमेऱ्यात बघत एकामागून एक भाव दाखवते आणि बघता बघता कृष्ण होते. संगीतकाराने त्याच्यासाठी सुंदर बासरी बांधून आणली होती. दिग्दर्शिकेला तिथे काहीच नको होतं. दोघांचं वाजलं, संगीतकार काम सोडून जाणार इथपर्यंत गेलं. शेवटी मी म्हटलं, एकदा दोन्ही लावून बघू. बासरीसकट पाहिलं, मग बासरी काढून पाहिलं. शंभर वर्षांपूर्वीचा तो पोरीचा चेहरा आवाजाशिवाय अंगावर येतो. संगीतकार उठला, पुन्हा एकदा लाव म्हणाला आणि पाहून झाल्यावर स्वतःची बासरी स्वतःच पुसून टाकायला सांगितली.

मग आला जुलै महिना आणि शांता आपटे.

'कुंकू' 1937 चा. म्हाताऱ्याच्या गळ्यात बांधली गेलेली ती मुलगी हे लग्न मानायला ठाम नकार देते आणि शांताबाईंनी तिला असं काही उभं केलं की आजही विद्यार्थी तो सिनेमा बघताना सावरून बसतात. दोन वर्षांनी, 1939 च्या जुलैमध्ये, पगार आणि कराराच्या वादातून तीच नटी पुण्यात प्रभात फिल्म कंपनीच्या फाटकाशी उपोषणाला बसली. पडद्यावर बंड करायला लावणाऱ्या कंपनीच्याच दारात. पुढच्या वर्षी 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहून या धंद्यात येऊ पाहणाऱ्या मुलींना तिने आतली बाजू सांगितली. दिग्दर्शिकेच्या मते हाच तिच्या फिल्मचा कणा होता आणि मला ते पूर्ण पटतं. गाणी लोकांच्या लक्षात राहिली, पण आपल्या कामाची किंमत मागत फाटकाशी बसलेली बाई विसरली गेली.

शूटिंग जुलैमध्येच हवं, पावसातच हवं, असा तिचा हट्ट. प्रभातची जागा म्हणजे आजची फिल्म इन्स्टिट्यूट. आम्ही समोरच्या लॉ कॉलेज रस्त्यावर छत्र्या धरून उभे. पावसाने माइकचं वाटोळं चाललेलं, त्यात बसचे हॉर्न. कॉलेजच्या दोन मुली थांबल्या. "कशाचं शूटिंग?" दिग्दर्शिकेने सांगितलं: इथे एका नटीने उपोषण केलं होतं. "कशासाठी?" "पगार आणि करारासाठी." त्यातली एक म्हणाली, "मग बरोबरच होतं की," आणि दोघी निघून गेल्या. हे मागे उभा असलेला आमचा स्पॉटचा पोरगा ऐकत होता. वडापाव आले तेव्हा त्याने आपला वडापाव परत ठेवला आणि म्हणाला, "मॅडम, माझे मागच्या शेड्यूलचे पैसे राहिलेत. ते मिळेपर्यंत मीपण खाणार नाही."

सगळे स्तब्ध. कुणाला वाटलं चेष्टा करतोय. चेष्टा नव्हती, त्याच्या घरी भाडं थकलं होतं. लहान फिल्मच्या युनिटात हे सर्रास चालतं: पुरस्कार मिळाल्यावर देऊ, चॅनेलने घेतली की देऊ. आणि ज्याचे पैसे थकतात तो नेहमी सगळ्यात खालचा माणूस असतो. दिग्दर्शिकेने शूटिंग तिथेच थांबवलं. त्या दिवशीचा पाऊस तिला परत मिळणार नव्हता, तरी थांबवलं. संध्याकाळी तिने स्वतःची एक लेन्स विकली आणि त्याचे, बूम धरणाऱ्या मुलाचे आणि गाडीवाल्याचे पैसे चुकते केले. दुसऱ्या दिवशी पोरगा सगळ्यांच्या आधी हजर. पाऊस मात्र नव्हता. फिल्ममधला शांता आपटेंचा प्रसंग त्यामुळे कोरड्या, उन्हाने भाजलेल्या रस्त्यावरचा आहे आणि तो तसाच ठेवायचा तिने ठरवलं.

आता कोल्हापूरच्या आजी. वय नव्वदीच्या पुढे, कानाने थोड्या मंद, नजर तिखट. कोल्हापूर हे एके काळी सिनेमाचं गाव. गल्लीगल्लीतून बायका-पोरं सकाळी स्टुडिओकडे जायची. आजी एक्स्ट्रा म्हणून काम करायच्या. दरबारातली दासी, पाणवठ्यावरची बाई, लढाईनंतर रडणारा जमाव. आम्ही गेलो तर घरच्यांनी त्यांना ठेवणीतलं लुगडं नेसवून, पावडर लावून बसवलेलं. मुलगा शेजारी खुर्ची टाकून. कॅमेरा सुरू झाला आणि आजी पाठ केल्यासारखं बोलू लागल्या. सगळी देवमाणसं होती. आम्हाला लेकीसारखं वागवलं. काही म्हणून कमी पडलं नाही. पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. कट.

मुलगा कॅमेरामनला घर दाखवायला माडीवर घेऊन गेला. खोलीचा नुसता शांत आवाज घ्यायचा असतो, ज्याला आम्ही रूम टोन म्हणतो, म्हणून मी रेकॉर्डर चालू ठेवला होता. सून चहा घेऊन आली. आजींनी बशीत चहा ओतला, फुंकर मारली आणि सुनेला म्हणाल्या, "थोरल्याच्या येळंला सातवा म्हैना व्हता. पोट दिसू ने म्हनून कळशी कमरंवर फुडं धरायची. भरल्याली कळशी. दीस उगवल्यापास्नं हुबी. दीड रुपाया मिळायचा, त्यातलं आठ आनं आननारा घ्याचा. आन ह्यो बसलाय म्हनं देवमानसं." सून काहीच बोलली नाही. मला बशी टेकवल्याचा आवाज आला आणि मग आजींनी घेतलेला लांब श्वास.

रात्री लॉजवर मी ते दिग्दर्शिकेला ऐकवलं. अशा वेळी बहुतेक दिग्दर्शक काय करतात ते मला माहीत आहे. ध्वनिमुद्रण हातात आहे, बाईंना कळणारही नाही, फिल्म त्याच्यावर तरून जाते. तिने दोनदा ऐकलं, हेडफोन काढले आणि म्हणाली, "हे आपलं नाही. त्या सुनेशी बोलत होत्या." पुण्याला परतल्यावरही तिने तो तुकडा संकलकाला दिला नाही. काही दिवसांनी ती पुन्हा कोल्हापूरला गेली, मला बरोबर घेऊन. मुलगा कामावर गेलेला असेल अशा वेळी. आजींच्या कानाला मी माझे हेडफोन लावले आणि आवाज मोठा केला.

आजी स्वतःचं बोलणं ऐकत होत्या आणि आम्ही दोघं जमिनीकडे बघत होतो. मला वाटलं आता चिडतील, नाहीतर रडतील. त्यांनी हेडफोन काढून मांडीवर ठेवले. "ह्ये कवा घेटलं?" दिग्दर्शिकेने खरं ते सांगितलं, माफी मागितली, आत्ताच्या आत्ता पुसून टाकते म्हणाली. आजी म्हणाल्या, "पुसतीस कशाला? ह्येच घाल. त्ये आदीचं काड. फकस्त माजं नाव नगं, आन पैकं किती मिळायचं त्ये नीट घाल." दिग्दर्शिकेने विचारलं, मुलाला विचारू का? आजींनी हात झटकला. "त्येला काय इचारतीस? त्यो तवा कळशीच्या मागं व्हता."

एका चॅनेलच्या माणसाने रफ कट पाहून सुचवलं की लांबी कमी करायची तर या आजींचा भाग सहज काढता येईल, कारण बाकीच्या सगळ्या 'प्रभावशाली स्त्रिया' आहेत आणि ही तर एक्स्ट्रा. दिग्दर्शिकेने लांबी कमी केली. स्वतःचं सगळं निवेदन काढून टाकलं, आजींचा एक शब्द नाही. माझ्या मते फिल्म त्या दिवशी खरी तयार झाली. ज्या कळशीच्या आड पोट लपवलं त्या कळशीवर उभे राहिलेले सिनेमे आपण अभिमानाने दाखवतो आणि त्या कळशीचे दीड रुपये कुठे लिहून ठेवलेले नाहीत. आता निदान एका फिल्ममध्ये आहेत.

श्रेयनामावलीच्या वेळी पुन्हा गंमत. दोन्ही अभ्यासकांना नावं अकारविल्हे लावणार असं कळवलं, तर ज्यांचं नाव दुसरं येत होतं ते म्हणाले, मग आडनावाने लावा. आडनावाने लावलं तर पहिल्यांचा फोन. अखेर दोघांनी आपापसात बोलून काय ते ठरवावं असं तिने सांगितलं आणि दोघांनी मिळून तिला एकच सूचना पाठवली: दुर्गाबाई आणि कमलाबाईंची नावं आमच्या आधी घ्या, मग आमचं काय ते कसंही चालेल.

पाट्या बंद झाल्या, मिक्सिंगची तारीख ठरली आणि कोल्हापूरहून सुनेचा फोन आला. आजी म्हणतायत, नाव घातलं तरी चालेल. पण कामावर आणणाऱ्याने सिनेमासाठी दिलेलं ते नको, आईने ठेवलेलं घाला. पाट्या करणाऱ्याने सांगितलं, फाइल पुन्हा उघडायचे वेगळे पैसे पडतील. दिग्दर्शिकेने त्याला आकडा विचारला, घासाघीस केली आणि आगाऊ अर्धे देऊन टाकले. नाव कलाकारांच्या यादीत टाकायचं, मुलाखत देणाऱ्यांच्या नाही, असं तिने त्याला दोनदा बजावलं. मिक्सिंग पुढच्या सोमवारी आहे.